कंट्रोलचे सोने

घाटकोपर पूर्वेच्या किंवा मुलुंड पश्चिमेच्या एखाद्या जुन्या सोसायटीत जिन्याखाली टपालपेट्यांची रांग असते. त्यांवरची आडनावे वाचत गेले की अर्धा सराफ बाजार तिथेच भेटतो. पारेख म्हणजे परीक्षक, पारख करणारा. चोक्सी म्हणजे सोन्याचांदीचा कस काढून देणारा. गुजरातीतल्या ‘चोकस’शी, म्हणजे नेमकेपणाशी, त्याचे नाते आहे. झवेरी अरबी ‘जौहर’वरून आला, आपल्या जवाहिराचा सख्खा भाऊ. सराफही अरबीच, मूळचा नाणी बदलून देणारा. इंग्रजांनी त्याचा ‘श्रॉफ’ केला. नाणावटी नाण्यावरून. सोनी आणि सोनार दोघेही सुवर्णाच्या पोटचे, प्राकृतात झिजून लहान झालेले. आणि वरच्या मजल्यावर एखादे पोतदार असतात, त्यांच्याकडे जरा जास्त वेळ थांबायला हवे.

पोतदार हा मूळचा फारसी ‘फोतेदार’. फोता म्हणजे थैली. खजिन्याची थैली ज्याच्या ताब्यात तो फोतेदार. सांताक्रूझच्या शाळेमुळे मुंबईकरांना माहीत असलेले ‘पोदार’ आणि बंगालातले ‘पोद्दार’ त्याच थैलीतून निघाले. मराठी मुलखात मात्र या पदाला आणखी एक काम चिकटले: वसुलात आलेले नाणे खरे की खोटे ते पारखणे. ते बहुधा गावचा सोनारच करी. नाना टाकसाळींची, नाना कसांची नाणी फिरत होती त्या काळात सरकारची तिजोरी सोनाराच्या बोटांवर आणि डोळ्यांवर विसंबून असे. सोनार ‘चालेल’ म्हणाला तर नाणे चालायचे.

९ जानेवारी १९६३ रोजी केंद्र सरकारने हे नाते उलटे केले. अर्थमंत्री होते मोरारजी देसाई, एके काळचे मुंबई राज्याचे मुख्यमंत्री. चीनच्या युद्धाचा घाव ताजा होता, परकीय चलनाची चणचण होती आणि चोरट्या सोन्यावर देशाचा पैसा बाहेर जात होता. भारत संरक्षण नियमांत एक नवा भाग घालून सुवर्ण नियंत्रण आले. चौदा कॅरटपेक्षा जास्त शुद्धतेचा दागिना घडवायला बंदी. व्यापाऱ्याला परवाना. दागिने सोडून इतर रूपात जवळ असलेले सोने सरकारला कळवायचे. सोनार आता पारखणारा राहिला नाही, त्यालाच पारखायचे ठरले.

कागदावर याचे नाव ‘सुवर्ण नियंत्रण’, पण लोक म्हणाले ‘गोल्ड कंट्रोल’. हा ‘कंट्रोल’ तेव्हा मराठीत चांगला मुरलेला होता. १९४३ साली मुंबईत रेशनिंग सुरू झाले तेव्हापासून कंट्रोलचे धान्य, कंट्रोलचे कापड, कंट्रोलची साखर हे शब्द घरोघर होते. ‘कंट्रोलचा’ म्हणजे रांगेत उभे राहून मिळणारा, जरा हलका, पण स्वस्त. एरवी कंट्रोल आला की निदान काहीतरी पदरात पडे. ‘कंट्रोलचे सोने’ मात्र कधीच कोणी म्हटले नाही, कारण ते कुठल्या दुकानात मिळतच नव्हते. लोकांना काही वाटून देण्यासाठी हा कंट्रोल आलेला नव्हता. लोकांची सोन्याची हौस कमी व्हावी, एवढ्यासाठी तो आला होता. भाषेला हा फरक सरकारच्या आधी कळला असावा.

‘कंट्रोल’चे मूळ या प्रकरणाला इतके चपखल बसते की हसू येते. जुन्या फ्रेंचमध्ये ‘कोंत्र-रोल’ म्हणजे प्रति-गुंडाळी: एका नोंदवहीवर लक्ष ठेवायला लिहिलेली दुसरी नोंदवही. सुवर्ण नियंत्रणाचा रोजचा अनुभव नेमका हाच होता. दुकानात किती ग्रॅम आले, कोणाकडून आले, किती कारागिराकडे गेले, किती परत आले, किती घटले, सगळे ठरावीक नमुन्याच्या वहीत. ज्या माणसाचा हिशेब पिढ्यान्‌पिढ्या तराजूच्या काट्यावर चालला, त्याचा हिशेब आता शाईत चालू झाला. वहीत आणि पेटीत दोन ग्रॅमचा फरक सापडला तर पंचनामा.

आपल्या ‘नियंत्रणा’चीही एक गंमत आहे. त्याच्या पोटात ‘यंत्र’ आहे, म्हणजे आवळून धरणारी वस्तू. त्याच यंत्राचे घरगुती रूप सोनाराच्या पाटावर पडलेले असते. तार ओढण्यासाठी लहान-लहान होत जाणाऱ्या भोकांची जी पोलादी पट्टी असते, तिला जंतर म्हणतात. सोन्याची सळई एका भोकातून ओढायची, मग त्याहून बारीक, मग त्याहून बारीक. दर ओढीला तार लांबते आणि बारीक होते.

चौदा कॅरटच का? सरकारचा तर्क असा, की चौदा कॅरट म्हणजे चोविसात चौदा भाग, जेमतेम ५८ टक्के सोने. एवढ्याने दागिना होतो, मग उरलेले देशाने का वापरू नये? मराठी घराला हा तर्क कधी उमगलाच नाही. चौदा या आकड्याशी आपले आधीच जमत नाही. चौदावे रत्न म्हणजे मार. त्यात ‘नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा’ ही म्हण घराघरांत तयार होती. मुलीच्या पाटल्या चौदा कॅरटच्या करायच्या म्हणजे ती म्हण हातात घालून तिला सासरी धाडायचे.

खुद्द ‘कॅरट’ हा शब्द परका वाटतो, पण त्याची चाल आपली आहे. ग्रीकांनी एका शेंगेला ‘केरातिओन’, म्हणजे लहान शिंग, म्हटले. त्या शेंगेच्या बिया तराजूत वापरीत. अरबांनी त्याचा ‘किरात’ केला. कॉन्स्टंटाइनच्या रोमन सुवर्णमुद्रेचे वजन अशा चोवीस बियांइतके धरले होते; तिथूनच शुद्ध सोन्याचे चोवीस भाग आले. आपणही बियाच मोजत होतो. गुंज ही लालभडक, काळ्या टिकलीची बी. मासा म्हणजे माष, उडीद. आठ गुंजांचा मासा, बारा माशांचा तोळा, म्हणजे तोळ्याला ९६ गुंजा. फरक एवढाच की आपण बी वजनासाठी वापरली आणि शुद्धतेसाठी दगडाकडे गेलो.

तो दगड म्हणजे कसोटी. संस्कृतात ‘कष’ म्हणजे घासणे, घासायचा दगड. ‘कषपट्टिका’ची कसोटी झाली. पाहण्यासारखे काम आहे ते. काळ्या, गुळगुळीत दगडावर दागिन्याची कड हलकेच ओढायची. पिवळी रेघ उमटते. तिच्या शेजारी माहितीतल्या कसाच्या सळईची रेघ ओढायची. मग दोन्हींवर तेजाबाचा थेंब (‘तेज आब’, तिखट पाणी, हाही फारसी). हिणकस रेघ हिरवट फेसाळून विरते, चोख रेघ तशीच राहते. यातून मराठीने किती शब्द काढले ते पाहा: कस लागणे, कसाला उतरणे, कसदार, हिणकस, निकस, बावनकशी. सावित्रीबाई फुल्यांनी आपल्या पुस्तकाला ‘बावनकशी सुबोध रत्नाकर’ असे नाव दिले. पाच दिवसांच्या क्रिकेटला कसोटी सामना म्हणणारी भाषा आपलीच. या सगळ्यात एक गोष्ट समान आहे. कस दगडावर कळतो, डोळ्यांसमोर कळतो, आणि ज्याला शंका असेल त्याला पुन्हा घासून दाखवता येतो.

कायद्याचा कस वेगळा. १९६८च्या सुवर्ण नियंत्रण कायद्याने सोन्याची व्याख्या केली: नऊ कॅरटहून कमी नसलेले सोने, मिश्रधातूसह, वितळलेले, घडवलेले, न घडवलेले, कुठल्याही आकाराचे. म्हणजे आठ कॅरटचा तुकडा कायद्याच्या दृष्टीने सोने नव्हताच. दसऱ्याला आपण आपट्याची पाने सोने म्हणून वाटतो. शब्दाचा अर्थ ठरवून घ्यायचा अधिकार फक्त लोकांकडे असतो अशातला भाग नाही.

पुढे या कायद्याने सोन्याचे तीन वर्ग पाडले. अर्धवट किंवा न घडवलेले ते ‘प्राथमिक सोने’: लगड, कांब, पत्रा, तार, गोळी. अंगावर किंवा देवाच्या मूर्तीवर घालायचे तयार ते ‘अलंकार’. अलंकार नसलेली तयार वस्तू ती ‘वस्तू’. प्राथमिक सोने साध्या गृहस्थाने बाळगायचेच नाही. अलंकार मात्र एकट्याकडे दोन हजार ग्रॅम आणि कुटुंबाकडे चार हजार ग्रॅमपर्यंत न कळवता ठेवता येत.

मराठीत ही विभागणी बसत नाही. आपला ‘दागिना’ हा मुळात नग आहे. सामानाच्या गाठोड्यालाही जुनी माणसे दागिना म्हणत. ‘डाग’ तर आणखी मजेदार: कपड्यावर पडला तर खराब, अंगावर असला तर श्रीमंती. ‘तिच्या अंगावर चार डाग आहेत’ याचा अर्थ तिच्या माहेरच्यांनी काही कमी केलेले नाही. आणि तुटलेला डूल, अर्धी साखळी, सुटे मणी, नातवाच्या बारशाला आलेली अंगठी, हे सगळे डब्यात पुरचुंडी करून ठेवलेले, त्याला म्हणायचे किडूकमिडूक. आता सांगा, तुटलेला डूल हा अलंकार, की वस्तू, की प्राथमिक सोने? सोनार तो वितळवून गोळी करील त्या घटकेला तो एका वर्गातून दुसऱ्यात जातो. तीच बाई, तोच सोनार, तेच सोने; पण मुशीत घातले की कलम बदलले.

याच ठिकाणी ‘मोडणे’ हे क्रियापद येते. सोने आपण विकत नाही, मोडतो. पाटल्या मोडून मुलाची फी भरली, गोठ मोडून खोलीचे पागडीचे पैसे दिले. उपनगरांतली कितीतरी घरे अशी मोडलेल्या सोन्यावर उभी आहेत. सोने असते ते ‘अडीनडीला’. अडणे आणि नडणे यांचा हा जोडशब्द आहे. अडले म्हणजे पुढचा रस्ता बंद झाला, नडले म्हणजे गरज पडली. अडीनडीला बँक नाही, सावकार नाही, किडूकमिडूक आहे, हा मराठी बाईचा हिशेब.

सरकारलाही अडीनडी होती, पण तिचे नाव होते आणीबाणी. हिंदी ‘आपातकाल’ संस्कृतातून घडवलेला दिसतो. आपला आणीबाणी राज्यघटनेपेक्षा पुष्कळ जुना आणि बोलण्यातला. आज आणीबाणी म्हटले की १९७५ डोळ्यांसमोर येते. त्या एकवीस महिन्यांनी हा शब्द पुरता गिळला. त्याआधीची आणीबाणी कोणाला आठवत नाही, आणि ती तर लांब होती: २६ ऑक्टोबर १९६२ ते १० जानेवारी १९६८. लढाई महिन्याभरात आटोपली, आणीबाणी पाच वर्षांहून जास्त राहिली. सुवर्ण नियंत्रण त्या पाच वर्षांचे अपत्य आहे. एकीकडे घरचे सोने घरच्या अडीनडीला, दुसरीकडे तेच सोने देशाच्या आणीबाणीला. दोन्ही बाजूंचा दावा एकाच डब्यावर होता.

देशाचा दावा आधी विनंतीच्या सुरात आला होता. नोव्हेंबर १९६२ मध्ये साडेसहा टक्क्यांचे सुवर्णरोखे निघाले, पंधरा वर्षांच्या मुदतीचे. सोने द्या, रोखा घ्या. पण सोन्याचा भाव धरला आंतरराष्ट्रीय: औंसाला ३५ डॉलर, म्हणजे दहा ग्रॅमला ५३ रुपये ५८ पैसे. झवेरी बाजारात भाव त्याच्या दुपटीच्या घरात. राष्ट्रीय संरक्षण निधीला बायकांनी बांगड्या काढून दिल्या त्या भावनेने. रोख्यांच्या खिडकीवर मात्र भावना नव्हे, भाव बोलला. विनंती फळली नाही म्हणून नियम आले, असे म्हणायला जागा आहे.

नियमांचा पहिला फटका व्यापाऱ्याला नव्हे, पाटावर बसणाऱ्या कारागिराला बसला. बावीस कॅरटवर हात बसलेला माणूस चौदावर लगेच बसत नाही. तांब्याचा भाग वाढला की धातू कडक होतो, ठोकताना तडकतो, डाग द्यायची आच बदलते. त्यात गिऱ्हाईकच येईना. सोनारांचे मोर्चे निघाले, आत्महत्यांच्या बातम्या आल्या, संसदेत गाजल्या. त्याच वर्षी, मंत्रिपदे सोडून पक्षकार्याला जायच्या कामराज योजनेत, मोरारजी मंत्रिमंडळाबाहेर पडले, त्यांच्या जागी टी. टी. कृष्णमाचारी आले, आणि गिऱ्हाइकाच्या जुन्या दागिन्यांतून नवे घडवायला मोकळीक मिळाली. चौदा कॅरटची अट १९६६ साली गेली. परवाने, वह्या आणि झडत्या राहिल्या.

मग कोणी कोर्टात का गेले नाही? याचे उत्तर घटनेच्या ३५८व्या अनुच्छेदात आहे. आणीबाणी पुकारलेली असेतोवर एकोणिसाव्या अनुच्छेदातली स्वातंत्र्ये राज्याचा हात धरू शकत नव्हती, आणि धंदा करण्याचे स्वातंत्र्य त्यांतच होते. सोनाराचे गाऱ्हाणे खरे असले तरी ते मांडायला दारच नव्हते. जानेवारी १९६८ मध्ये आणीबाणी उठली. भारत संरक्षण कायद्याची मुदत तिच्यानंतर आणखी सहा महिने, म्हणजे जुलैच्या दहा तारखेपर्यंत. २९ जून १९६८ला सरकारने सुवर्ण नियंत्रणाचा वटहुकूम काढला आणि सप्टेंबरात त्याचा कायदा झाला. आणीबाणीच्या घरात जन्मलेले मूल शांततेच्या घरी दत्तक गेले. पण आता ३५८ची ढाल नव्हती. दार उघडले आणि याचिका गेल्या.

हरकचंद रतनचंद बांठिया विरुद्ध भारत सरकार या नावाने तो खटला ओळखला जातो. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९६९ साली निकाल दिला. निकालपत्र न्यायमूर्ती रामस्वामी यांचे. कायद्याचे लोक त्याच्याकडे घटनात्मक अधिकारांचा खटला म्हणून पाहतात. मला तो वाचताना वेगळेच दिसते: एका नामावर हरलेला आणि काही विशेषणांवर जिंकलेला खटला.

नाम होते ‘उद्योग’. याचिकाकर्त्यांचे म्हणणे असे, की सोनारकाम हा उद्योग नव्हे. ते हस्तकौशल्य आहे, एकेका माणसाच्या हाताचे काम. उद्योग नसेल तर संसदेला त्यावर कायदा करायचा अधिकार नाही, तो राज्यांच्या यादीतला विषय. युक्तिवाद दिसायला कायद्याचा, पण त्याच्या मुळाशी सोनाराचा अभिमान आहे: आम्ही गिरणी नाही. न्यायालयाने तो फेटाळला. व्यापारासाठी पद्धतशीर उत्पादन होते, तेव्हा तो उद्योगच. मराठी माणसाला याचे फारसे आश्चर्य वाटू नये. आपल्याकडे ‘उद्योग’ हा शब्द कधी धुराड्याला बांधलेलाच नव्हता. उद् आणि युज्, कामाला स्वतःला जुंपणे. पोर मांजराच्या शेपटीला डबा बांधत असले तरी आई विचारते, ‘काय उद्योग चाललाय?’ आणि ‘नसते उद्योग’ करणाऱ्यांची तर गणतीच नाही. सोनार बिचारा इंग्रजी शब्दावर भांडला. मराठीत भांडला असता तर पहिल्याच वाक्याला हरला असता.

विशेषणांची गोष्ट निराळी. परवाना द्यायचा की नाही हे ठरवताना अधिकाऱ्याने काय पाहावे, ते २७व्या कलमात सांगितले होते: त्या ‘प्रदेशा’त व्यापारी किती आहेत, ‘अपेक्षित’ मागणी किती, अर्जदार ‘योग्य’ आहे का, आणि ‘सार्वजनिक हित’. न्यायालयाने एकेक उचलून दगडावर घासला. प्रदेश म्हणजे कुठला, त्याची व्याख्या नाही. अपेक्षित मागणी कोण मोजणार आणि कशाने? योग्य म्हणजे कोणाच्या मते? शब्द इतके सैल की त्यांच्या आडून अधिकाऱ्याने मनाला येईल ते करावे. विकायला आलेल्या माणसाची ओळख पटवून घेण्याची जबाबदारी व्यापाऱ्यावर टाकणारे शंभरावे कलम, सोन्याची निर्मिती, वाटप, वाहतूक, ताबा सगळे परवान्यांनी बांधायचा मोकळा अधिकार सुवर्ण नियंत्रण प्रशासकाला देणारे पाचव्या कलमातले पोटकलम, आणि आणखी काही तरतुदी गेल्या. सोनाराने कान टोचावेत अशी म्हण आहे. इथे टोचायला कोर्ट लागले, पण कान सरकारचेच होते.

कायदा मेला नाही. त्याच वर्षी संसदेने दुरुस्ती केली, शब्द घट्ट केले, आणि तो आणखी एकवीस वर्षे जगला. घट्ट केलेला फास सैल फासापेक्षा बरा की वाईट, हा प्रश्न गळ्याला विचारावा.

अमेरिकेतही एकदा असे झाले होते. ५ एप्रिल १९३३ला रूझवेल्टने फर्मान काढले: सोन्याची नाणी आणि लगडी मेच्या एक तारखेपर्यंत बँकेत आणून द्या, माणशी शंभर डॉलरची नाणी ठेवा. दागिन्यांना तिथे सूट होती. म्हणजे त्यांनी तिजोरी पकडली आणि गळा सोडला. आपण गळ्यापासूनच सुरुवात केली. न्यूयॉर्कचे वकील फ्रेडरिक कँपबेल यांच्या सत्तावीस लगडी चेस बँकेत होत्या. बँक देईना म्हणून ते कोर्टात गेले, तर त्यांच्यावरच खटला झाला. न्यायमूर्ती वूल्सी यांनी एवढेच म्हटले की फर्मानावर सही अर्थखात्याच्या मंत्र्याची हवी होती, ती राष्ट्राध्यक्षांची आहे. सरकारने योग्य सहीचे नवे फर्मान काढले. कागद सुधारला, सोने परत आले नाही.

त्या फर्मानात ‘होर्डिंग’ हा शब्द आहे, साठवून ठेवण्याच्या अर्थाने. मुंबईकराला होर्डिंग म्हणजे पूर्व द्रुतगती मार्गावरचा प्रचंड फलक, आणि त्यावर बहुतेक वेळा नखशिखान्त सोन्याने मढलेली नवरीच असते. उच्चार सारखे, कुळे वेगळी. एक ‘होर्ड’ जुन्या इंग्रजीतला गुप्तधनाचा ढीग, दुसरा जुन्या फ्रेंचमधला फळ्यांचा आडोसा. आपण पहिल्यासाठी ‘साठेबाजी’ केला. त्यातली ‘बाजी’ फारसी, खेळ किंवा जुगार. पुरचुंडीतल्या चार मण्यांना तो शब्द लावणे म्हणजे जरा जास्तच झाले.

बंदी आली की शब्दांची पैदास वाढते, दारूबंदीत आपण ते पाहिले होतेच. ‘तस्कर’ हा ऋग्वेदातला साधा चोर. सोन्याने त्याला नवी नोकरी दिली आणि वर्तमानपत्रांतून तो रोज भेटू लागला. दहा तोळ्यांची परदेशी लगड ‘बिस्किट’ झाली: ११६ ग्रॅम आणि वर थोडे, अंगरख्याच्या खास शिवलेल्या खिशात चहाबरोबरच्या बिस्किटासारखी बसणारी. वजने दशमान झाली, तरी दुबईहून येणारे सोने तोळ्यातच आले. आणि तोळ्याने आपली कात टाकली: आज बोरिवलीच्या दुकानात ‘तोळ्याचा भाव’ विचारला की दहा ग्रॅमचा सांगतात, मधले १.६६ ग्रॅम कधी गळाले ते कोणी विचारत नाही. सहार विमानतळावर अजून सोने पकडले जाते आणि बातमीत अजून बिस्किटेच असतात.

सुवर्ण नियंत्रण कायदा १९९० साली रद्द झाला. तेव्हाचे अर्थमंत्री मधू दंडवते, राजापूरचे खासदार. मुंबई राज्याच्या एका माजी मुख्यमंत्र्याने घातलेली गाठ कोकणच्या खासदाराने सोडली. पण झडतीची भीती शब्दांतून जायला वेळ लागतो. ११ मे १९९४च्या प्राप्तिकर खात्याच्या सूचनेत झडतीच्या वेळी किती दागिने जप्त करू नयेत ते सांगितले आहे: विवाहितेचे ५०० ग्रॅम, अविवाहितेचे २५०, पुरुषाचे १००. २०१६ साली नोटाबंदीनंतर सरकारला हे आकडे पुन्हा जाहीर करावे लागले, कारण घरोघर तेच विचारणे चालू होते. ‘जप्त’ हा अरबी ‘जब्त’. त्याचाही मूळ अर्थ धरून ठेवणे, आवरणे. नियंत्रणाचाच तो चुलतभाऊ.

आता दुकानातली बोली आकड्यांची झाली आहे. १६ जून २०२१पासून हॉलमार्क सक्तीचा झाला. त्याच्या आधीच्याच महिन्यात सराफांची संघटना मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात गेली होती, आणि काही आठवडे कारवाई करू नका असा दिलासा तिला मिळाला होता. ‘हॉल’ म्हणजे लंडनच्या सुवर्णकार संघाची इमारत; तिथे सोने नेऊन शिक्का मारून आणायचा, म्हणून हॉलमार्क. बावीस कॅरट ‘नऊशे सोळा’ झाले. आणि सक्तीच्या पहिल्या यादीत बावीस, अठराबरोबर आपले चौदाही होते, ‘पाचशे पंच्याऐंशी’ या नावाने.

चौदा कॅरटला खरे माहेर मिळाले ते अंधेरी पूर्वेला. सीप्झ हे निर्यात क्षेत्र १९७३ साली इलेक्ट्रॉनिक्ससाठी उभे राहिले, पुढे तिथे दागिन्यांचे कारखाने आले आणि माल अमेरिकेला जाऊ लागला. अमेरिकेत चौदा कॅरट हे रोजचे सोने, दहा कॅरटही चालते. मरोळ नाक्यावरून सकाळच्या पाळीला आत जाणारा कारागीर दिवसभर चौदा कॅरटच्या अंगठ्यांत खडे बसवतो. संध्याकाळी फाटकावर तपासणी देऊन बाहेर पडतो, आणि बहिणीच्या लग्नासाठी घाटकोपरला जाऊन बावीसचा भाव विचारतो.

चोख सोन्याचा भाव तोळ्याला लाखावर गेल्यावर, जुलै २०२५ मध्ये, हॉलमार्कच्या यादीत नऊ कॅरट दाखल झाले. १९६८च्या कायद्याने सोन्याची जी शेवटची पायरी धरली होती तीच. दुकानात अजून त्याला घरगुती नाव पडलेले नाही. विक्रेते त्याला नुसते ‘तीनशे पंचाहत्तर’ म्हणतात, आणि गिऱ्हाईक विचारते, ‘रुपये?’